‘सुरक्षेच्या कारणास्तव’ : गोपनीयता, माहिती अधिकार आणि बातमीदारी

वाचकांचे प्रश्न

शासकीय गोपनीयता आणि शोधपत्रकारिता या विषयावर कोल्हापूर जिल्ह्यातून आलेल्या काही पत्रांना इथं उत्तरं देत आहोत. पत्रलेखकांची आणि त्यांनी उल्लेख केलेल्या अधिकाऱ्यांची नावं मुद्दाम गाळली आहेत.

प्रश्न : इचलकरंजीत साप्ताहिक चालवतो. शहरातले सीसीटीव्ही कॅमेरे किती, कुठं बसवलेत, किती बंद आहेत, का बंद आहेत आणि खर्च किती झाला, हे माहिती अधिकाराच्या एका अर्जात विचारलं. ‘सुरक्षेच्या कारणास्तव माहिती देता येत नाही’ अशी एक ओळ आली. अपील करू की सोडून देऊ?

उत्तर : अपील कराच, पण त्याच दिवशी नवा अर्जही टाका, कारण जुन्या अर्जाची मांडणी तुमच्याच विरोधात जाणार आहे. कॅमेरा कोणत्या खांबावर आहे, त्याचं तोंड कुठं आहे, केबल कंट्रोल रूमपर्यंत कुठून जाते, ही माहिती चोरट्याच्या कामाची आहे. ती नाकारली तर माहिती आयोगसुद्धा अधिकाऱ्याची बाजू घेईल. खर्च, ठेकेदार, देखभाल, दंड यांचं तसं नाही. तुम्ही दोन्ही एकत्र मागितल्यामुळं पहिल्याचं कारण दुसऱ्याला लावणं सोपं गेलं.

नव्या अर्जात जागा विचारूच नका. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणं एका अर्जात एकच विषय आणि दीडशे शब्दांची मर्यादा आहे, त्यामुळं ‘सीसीटीव्ही प्रकल्पाचा खर्च व देखभाल’ एवढाच विषय ठेवा. जोडपत्र ‘अ’च्या नमुन्यात अर्ज, वर दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप. कालावधी तारखांनी लिहा : १ एप्रिल २०२२ ते ३१ मार्च २०२५. ‘गेल्या काही वर्षांतील’ असं लिहिलं की ‘माहिती मोघम आहे’ हे उत्तर ठरलेलं. मागायचे कागद असे : प्रशासकीय मान्यतेचा आदेश, कार्यादेशाची प्रत, वार्षिक देखभाल करार, अदा केलेल्या देयकांची यादी, बंद कॅमेऱ्यांबाबत ठेकेदाराला पाठवलेली पत्रं, आणि करारातल्या दंडाच्या कलमाखाली कापलेली रक्कम. महिनावार चालू-बंद कॅमेऱ्यांचा गोषवारा मागायचा असेल तर ‘फक्त संख्या, ठिकाण वगळून’ असं अर्जातच लिहा. असं लिहिल्यावर सुरक्षेचं कारण टिकत नाही.

‘का बंद आहेत?’ हा प्रश्न अर्जात नको. कायदा कार्यालयात असलेली माहिती देतो, अधिकाऱ्याचं स्पष्टीकरण देत नाही. कारण हवंच असेल तर ते ठेकेदाराबरोबरच्या पत्रव्यवहारात आणि टिपणीत सापडतं, म्हणून टिपणीसह नस्तीची (फाईलची) पाहणी मागा. पाहणीचा पहिला तास मोफत, पुढं दर पंधरा मिनिटांना पाच रुपये. फाईल समोर आल्यावर पानांवरचे क्रमांक टिपून घ्या, मधली पानं गायब असतील तर ते तिथंच कळतं. हवी तेवढीच पानं दोन रुपये दरानं घ्या. ‘सर्व कागदपत्रांच्या प्रती’ मागून हजार पानांचं बिल ओढवून घेणारे आणि मग पैसे न भरणारे अर्जदार फार आहेत, आणि कार्यालयांना ते ठाऊक आहे.

आता अपील. ‘सुरक्षेच्या कारणास्तव’ हे कोणतंही कलम नाही. कलम ८(१)(ए) देशाची सार्वभौमता, एकात्मता, राज्याची सुरक्षा यांना बाध येईल अशा माहितीबद्दल आहे, आणि बिलाची रक्कम सांगितल्यानं तो बाध कसा येतो हे अधिकाऱ्यानं दाखवायचं असतं. अपिलात तीन मुद्दे पुरतात. कलम ७(८) : नकार देताना कारण, अपिलाची मुदत आणि अपिलीय अधिकाऱ्याचा तपशील देणं बंधनकारक असताना दिलेला नाही. कलम १० : संवेदनशील भाग झाकून उरलेला भाग देता आला असता. कलम १९(५) : नकार योग्य होता हे सिद्ध करण्याची जबाबदारी माहिती अधिकाऱ्याची आहे, अर्जदाराची नाही. प्रथम अपील उत्तर मिळाल्यापासून ३० दिवसांत, वीस रुपयांच्या स्टँपसह. निकाल ३० दिवसांत, फार तर ४५. नंतर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाच्या पुणे खंडपीठाकडं दुसरं अपील.

दुसऱ्या टप्प्यावर एक चूक वारंवार होते. चिडलेला अर्जदार कलम १८ खाली तक्रार करतो. तक्रारीत अधिकाऱ्याला दंड होऊ शकतो (दिवसाला २५० रुपये, कमाल २५,०००), पण कागद मिळत नाही. सर्वोच्च न्यायालयानं २०११ च्या मणिपूर प्रकरणात हे स्पष्ट केलं आहे. कागद हवा असेल तर कलम १९(३) खालचं अपीलच करा. आयोगाचा आदेशही विरोधात गेला तर रिट याचिका. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झाल्यानं त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही, ही छोट्या साप्ताहिकांसाठी लहान गोष्ट नाही.

सुरक्षा टिकली नाही की पुढचं कारण ‘व्यापारी गोपनीयता’, म्हणजे ८(१)(डी), येतं आणि ठेकेदाराला कलम ११ ची नोटीस जाते. त्याला हरकतीसाठी दहा दिवस मिळतात. निर्णय मात्र अधिकाऱ्याचा असतो, ठेकेदाराची ‘हरकत आहे’ एवढी चिठ्ठी पुरत नाही. दरम्यान महाटेंडर्सवरची, म्हणजे राज्याच्या ई-निविदा संकेतस्थळावरची निविदा आणि जिल्हा नियोजन समितीच्या बैठकांची इतिवृत्तं काढून ठेवा. अर्ध्या बातमीसाठी अर्ज करायचीही गरज नसते.

प्रश्न : एका कर्मचाऱ्यानं ‘गोपनीय’ शिक्का असलेल्या टिपणीची झेरॉक्स दिली आहे. विषय खरेदीतल्या गैरव्यवहाराचा आहे. ती जवळ ठेवणं हाच गुन्हा आहे का?

उत्तर : शिक्का आणि गुन्हा यांचा संबंध लोक समजतात तितका सरळ नाही. १९२३ च्या शासकीय गुपिते अधिनियमात ‘गुपित’ म्हणजे काय याची व्याख्याच नाही. टॉप सिक्रेट, सिक्रेट, कॉन्फिडेन्शियल, रिस्ट्रिक्टेड हे दर्जे खात्याच्या अंतर्गत सूचनांमधून येतात. शिक्का मारायला कायद्याची परीक्षा लागत नाही, कारकुनाच्या टेबलावर तो असतोच.

कायद्याची दोन कलमं वेगळी ओळखा. कलम ३ हेरगिरीचं आहे : राज्याच्या सुरक्षेला बाधक हेतूनं निषिद्ध जागी जाणं, नकाशे काढणं, शत्रूला उपयोगी माहिती गोळा करणं. संरक्षणविषयक बाबींत शिक्षा चौदा वर्षांपर्यंत. बातमीदाराच्या वाट्याला बहुधा कलम ५ येतं. ते फार रुंद आहे. सरकारी पदामुळं विश्वासानं हाती आलेली माहिती अनधिकृत माणसाला देणारा त्यात येतो, आणि कायद्याचा भंग करून दिली जात आहे हे माहीत असून ती स्वेच्छेनं घेणाराही. शिक्षा तीन वर्षांपर्यंत, दंड, किंवा दोन्ही. म्हणून ‘मी फक्त घेतली, दिली त्यानं’ हा बचाव कागदावर पुरेसा नाही. दुसऱ्या प्रशासकीय सुधारणा आयोगानं २००६ मध्ये हा कायदाच रद्द करण्याची शिफारस केली होती. तो अजून आहे तिथंच आहे.

न्यायालयांनी मात्र बरीच वाट मोकळी केली आहे. राफेल फेरविचार याचिकेत सरकारचं म्हणणं होतं की वर्तमानपत्रानं छापलेली संरक्षण खात्याची कागदपत्रं चोरीची आहेत, न्यायालयानं ती पाहूच नयेत. १० एप्रिल २०१९ ला सर्वोच्च न्यायालयानं ते फेटाळलं, आणि गुप्त शिक्क्याचे कागद छापायला बंदी घालणारी तरतूद १९२३ च्या कायद्यात नाही, असंही नोंदवलं. दिल्लीतल्या एका पत्रकारावर मंत्रिमंडळाच्या निर्गुंतवणूकविषयक टिपणीबद्दल १९९९ मध्ये खटला झाला होता. २००९ मध्ये न्यायालयानं त्याला दोषारोपांतून मुक्त केलं, कारण निव्वळ शिक्क्यानं कागद गुपित ठरत नाही. दहा वर्षं गेली ती गेलीच. पत्रकार इफ्तिखार गिलानी यांना २००२ मध्ये ज्या मजकुरावरून अटक झाली तो आधीच प्रसिद्ध आणि कुणालाही मिळण्याजोगा होता. तरी जानेवारी २००३ पर्यंत ते तुरुंगात होते. यातून घ्यायचा व्यवहार एवढाच की उघड स्रोतातून काही उतरवलं तर तारीख, पत्ता आणि पडद्याचं चित्र त्याच वेळी जपून ठेवा.

तुमच्या टिपणीपुरतं बोलायचं तर आधी ती पूर्ण वाचा आणि स्वतःला विचारा : यात सैन्याच्या हालचाली, शस्त्रसाठ्याची जागा, सांकेतिक शब्द, गुप्त काम करणाऱ्यांची नावं यांपैकी काही आहे का? असेल तर ती पानं घेऊ नका, कॉपी करू नका, वकिलाला विचारा. फक्त दर, निविदा आणि सह्यांचा मामला असेल तर टिपणीला बातमीचा पुरावा न करता दिशादर्शक माना. तिच्यातला नस्ती क्रमांक, जावक क्रमांक आणि तारखा यांच्या आधारे तेच कागद माहिती अधिकारात मागा. कलम २२ मुळं माहिती अधिकार कायदा गुपिते अधिनियमावर मात करतो, आणि कलम ८(२) प्रमाणं उघड करण्यातलं जनहित नुकसानीपेक्षा मोठं असेल तर सवलतीत (नाकारण्याची मुभा असलेल्या प्रकारात) बसणारी माहितीही देता येते. मात्र नेमका क्रमांक घातलेला अर्ज कागद कुठून फुटला ते सांगून टाकतो. म्हणून एकाच नस्तीऐवजी त्या वर्षातल्या त्या प्रकारच्या सगळ्या खरेदीच्या नस्त्यांची नोंदवही मागा. वेळ जास्त लागेल. लागू द्या.

प्रश्न : पोलीस ठाण्यात मोबाईलवर चित्रीकरण केलं म्हणून गुपिते कायदा लावण्याची धमकी मिळाली.

उत्तर : मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं २०२२ मध्ये वर्ध्याच्या प्रकरणात सांगितलं आहे की पोलीस ठाणं हे कलम २(८) मधलं ‘निषिद्ध ठिकाण’ नाही. औरंगाबाद खंडपीठानं २०२४ मध्ये संभाषण ध्वनिमुद्रित केल्याच्या प्रकरणात तेच मत दिलं. पण आवाज चढला, हात लागला तर भारतीय न्याय संहितेचं कलम १३२ (सरकारी नोकरावर हल्ला) किंवा २२१ (कामात अडथळा) लागू शकतं आणि तिथं हे निकाल उपयोगी पडत नाहीत. फोन छातीशी धरा, वाद घालू नका.

ठाण्यातल्या कॅमेऱ्यांचं चित्रीकरण हवं असेल तर घाई करा. सर्वोच्च न्यायालयाच्या डिसेंबर २०२० च्या आदेशाप्रमाणं ते अठरा महिने, निदान एक वर्ष राखायला हवं. प्रत्यक्षात ‘ओव्हरराईट झालं’ हे उत्तर येतं. घटनेच्या दुसऱ्या दिवशीच ‘अमुक तारीख, अमुक वेळ, चित्रीकरण जतन करावं’ असं पत्र आवक करून पोच घ्या. माहिती अधिकाराचा अर्ज नंतर.

टेंबलाई परिसरातली प्रादेशिक सेनेची जागा किंवा उजळाईवाडीचं विमानतळ यांचा प्रश्न वेगळा. लष्कराची आस्थापना निषिद्ध ठिकाणात येते. तिथं फाटकाबाहेरच्या रस्त्यावरून घेतलेलं चित्रही चौकशीला कारण होतं, आणि ड्रोन उडवायचा तर आधी डिजिटल स्काय या केंद्राच्या ड्रोनविषयक संकेतस्थळाच्या नकाशावर लाल-पिवळा पट्टा पाहावा लागतो.

प्रश्न : सैनिक टाकळीहून लिहितो. पुतण्या सैन्यात आहे. तुकडीतल्या गैरसोयींबद्दल व्हिडिओ काढून पत्रकाराला देऊ का, असं तो विचारतो.

उत्तर : देऊ नये. सैन्य नियम १९५४ च्या नियम २१ प्रमाणं सेवेसंबंधी माहिती परवानगीशिवाय प्रसिद्धीला देता येत नाही. तक्रार खरी असली तरी शिस्तभंग होतोच. सीमा सुरक्षा दलाच्या एका जवानानं जानेवारी २०१७ मध्ये जेवणाबद्दल व्हिडिओ टाकला, एप्रिलमध्ये तो बडतर्फ झाला. चौकशी जेवणाची व्हायची ती व्हिडिओची झाली. पुतण्यानं आपल्या अधिकाऱ्यांच्या साखळीतून लेखी तक्रार करावी आणि सेवेच्या प्रश्नावर गरज पडली तर सशस्त्र दल न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाकडं जावं.

पत्रकारानं काय करायचं ते निराळं. त्यानं जवानाला पुढं न करता कागदाकडं वळावं. माहिती अधिकाराच्या दुसऱ्या अनुसूचीत गुप्तवार्ता विभाग, रॉ, सीमा सुरक्षा दल, केंद्रीय राखीव पोलीस दल, डीआरडीओ, सीबीआय वगैरे संघटना कलम २४ खाली वगळल्या आहेत. भूदल, नौदल, वायुदल त्या यादीत नाहीत! ‘सैन्याला माहिती अधिकार लागू नाही’ हे चुकीचं आहे. तैनाती, सामग्रीचा साठा विचारला तर ८(१)(ए) येईल आणि ते रास्तही आहे. पण शिधा खरेदीचे दर, कॅन्टीनचं लेखापरीक्षण, वसाहतीच्या दुरुस्तीचे कंत्राट हे मागता येतं. अर्ज केंद्राच्या ऑनलाइन पोर्टलवर ‘इंडियन आर्मी’ निवडून करा. टपालानं पाठवलात तर शुल्क पोस्टल ऑर्डरनं भरा. आपल्याकडच्या सवयीनं लावलेला कोर्ट फी स्टँप केंद्राच्या नियमांत नाही आणि अर्ज परत येतो. केंद्रात मर्यादा पाचशे शब्दांची आहे, अपिलाला शुल्क नाही.

वगळलेल्या संघटनांकडूनही भ्रष्टाचार आणि मानवी हक्कभंगाच्या आरोपांची माहिती मागता येते. अर्जात तो आरोप नेमका, तारीखवार लिहावा लागतो. ‘भ्रष्टाचार झाल्याची शंका आहे’ एवढ्यानं काही मिळत नाही.

प्रश्न : शिरोळ तालुक्यातून. महापुरात धरणांतून कधी किती पाणी सोडलं याची तासवार नोंद मागितली. ‘धरण हे संवेदनशील ठिकाण आहे’ म्हणून नकार आला. हे बरोबर आहे का?

उत्तर : नाही. केंद्राच्या जलविज्ञान माहितीच्या धोरणात वर्गीकृत, म्हणजे रोखलेली माहिती ही सिंधू, गंगा आणि ब्रह्मपुत्रा खोऱ्यांची आहे, कारण तिथं शेजारी देश गुंतलेले आहेत. कृष्णा खोरं त्यात नाही. शिवाय पावसाळ्यात राधानगरीचे स्वयंचलित दरवाजे उघडले की एका दरवाजातून १,४२८ क्युसेक पाणी बाहेर पडत असल्याची बातमी प्रशासनच देतं. राजाराम बंधाऱ्यावर ३९ फूट इशारा आणि ४३ फूट धोका हे आकडे कोल्हापुरात शाळकरी पोरालाही पाठ असतात. जे आज प्रेसनोटमध्ये जाहीर होतं ते दोन वर्षांनी गुपित कसं होईल, हा प्रश्न अपिलात असाच विचारा आणि त्या दिवसांच्या प्रेसनोट जोडा.

अर्जात धरणाचे आराखडे, दरवाजे चालवण्याची यंत्रणा, पहारा यांचं नावही नको. ते खरोखर रोखण्याजोगं आहे. मागायचं ते एवढंच : अमुक तारीख ते अमुक तारीख तासवार पाणीपातळी, येवा (धरणात आलेलं पाणी) आणि विसर्ग (सोडलेलं पाणी) यांच्या नोंदवहीची प्रत, जलाशय परिचालन सूची (कोणत्या तारखेला पातळी किती ठेवायची याचा तक्ता), आणि पूरकाळात विसर्गाबाबत झालेला पत्रव्यवहार. हे तीन कागद शेजारी ठेवले की सूचीप्रमाणं पातळी किती हवी होती, प्रत्यक्षात किती होती आणि वरून निरोप कधी आला, हे दिसतं. २०१९ च्या पुरानंतर नेमलेल्या वडनेरे समितीचा अहवाल आधी वाचा, म्हणजे कोणत्या तारखा मागायच्या ते कळेल.

अलमट्टी धरण कर्नाटकात आहे. तिथला अर्ज कृष्णा भाग्य जल निगमाकडं करायचा. कायद्याप्रमाणं अर्ज इंग्रजी, हिंदी किंवा त्या भागाच्या राजभाषेत लागतो, म्हणून मराठीत लिहू नका. तिथंही एक विषय, दीडशे शब्द.

प्रश्न : माहिती देणाऱ्याचं नाव फुटू नये म्हणून काय करावं? व्हॉट्सअॅप सुरक्षित आहे ना?

उत्तर : मजकुरापुरतं बऱ्यापैकी सुरक्षित. पण माणूस बहुधा मजकुरावरून सापडत नाही, संपर्कावरून सापडतो. कोणी कोणाला कधी फोन केला याच्या नोंदी दूरसंचार कंपन्यांना २०२१ च्या दुरुस्तीपासून किमान दोन वर्षं ठेवाव्या लागतात. बातमीच्या आदल्या आठवड्यात तुमच्या क्रमांकावर कार्यालयातल्या एकाच माणसाचे चार कॉल दिसले की पुढं चौकशी करायलाच नको.

जिल्ह्याच्या ठिकाणी तर आणखी एक अडचण आहे. मंत्रालयात एक कागद चाळीस हातांतून जातो, इथं शाखेत तीन माणसं असतात. ‘नाव न सांगण्याच्या अटीवर त्या शाखेतील एका कर्मचाऱ्यानं सांगितलं’ हे वाक्य छापणं म्हणजे जवळजवळ नाव छापणंच. ते वाक्य काढा, माहिती कागदावरून सिद्ध करा.

कागदाच्या बाबतीत २०१७ चं अमेरिकेतलं रिॲलिटी विनर प्रकरण नीट समजून घ्या. एका वृत्तसंस्थेनं आपल्याकडं आलेल्या गुप्त अहवालाची प्रत खातरजमेसाठी सरकारी यंत्रणेला दाखवली. कागदावर घडीच्या खुणा होत्या, म्हणजे तो छापून बाहेर नेला होता. संगणकाच्या नोंदीत तो छापणारी सहाच माणसं निघाली आणि त्यांतल्या एकीनंच त्या संस्थेशी ई-मेलवर संपर्क साधला होता. शिक्षा पाच वर्षं तीन महिने. त्या प्रतीवर रंगीत लेझर प्रिंटरचे डोळ्यांना न दिसणारे पिवळे ठिपकेही होते. त्यांत प्रिंटरचा क्रमांक आणि वेळ दडलेली असते.

म्हणून मूळ प्रत कुणालाही दाखवू नका, खातरजमा करताना मजकूर वाचून दाखवा. पानाचं छायाचित्र न छापता मजकूर पुन्हा टंकित करा. छायाचित्र छापायचंच असेल तर कोपऱ्यातले आद्याक्षर, हस्ताक्षरातला शेरा, पंचिंगची भोकं, झेरॉक्स यंत्राची काळी रेघ यांकडं पाहा. प्रत कुणाच्या टेबलावरची ते यांवरून ओळखता येतं. मोबाईलच्या मार्करनं काळं केलेली नावं उजेड वाढवला की दिसतात, आणि पीडीएफवर टाकलेल्या काळ्या चौकोनाखालचा मजकूर कॉपी होतो. झाकायचं तर कागदावर झाकून त्याची झेरॉक्स काढा, त्या झेरॉक्सचं छायाचित्र घ्या.

फोटो व्हॉट्सअॅपवर साधा पाठवला तर त्याची तारीख-जागा बहुतेक गळून जाते, ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवला तर तशीच राहते. चॅटचा क्लाऊड बॅकअप कूटबद्ध केलेला नसेल तर तो वेगळा दरवाजा उघडाच आहे. सिग्नल या मेसेजिंग ॲपवर मेसेज आपोआप पुसण्याची सोय लावा, पण समोरच्याच्या लॅपटॉपला सिग्नल जोडलेलं आहे का हेही विचारा. आणि कार्यालयातल्या संगणकावरून, कार्यालयाच्या वायफायवरून काहीच नको. एवढं सांभाळून प्रत्यक्ष भेट सर्वांत बरी, फोन घरी ठेवून. मात्र ती पेठेतल्या चहाच्या गाड्यावर नको, तिथं तुम्हा दोघांना ओळखणारे दहा जण असतात.

तक्रारदारांच्या संरक्षणाचा २०१४ चा कायदा मंजूर होऊनही अमलात आलेला नाही. माहिती देणाऱ्याला ‘कायदा तुमच्या पाठीशी आहे’ असं सांगू नका.

प्रश्न : पोलिसांनी फोन मागितला तर द्यावा लागतो का? स्रोत सांगावा लागतो का?

उत्तर : तोंडी मागणीवर देऊ नका, लेखी नोटीस मागा. साक्षीदार म्हणून बोलावलं तर नोटीस नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ ची असते, आरोपी म्हणून असेल तर ३५(३) ची, कागद किंवा उपकरण हजर करायला सांगणारी ९४ ची. कोणती आहे यावर उत्तर अवलंबून आहे, म्हणून वकिलाला पहिल्यांदा कलमाचा आकडा सांगा. झडती-जप्तीचं दृक्‌श्राव्य चित्रीकरण कलम १०५ नुसार व्हायला हवं. जप्ती पंचनाम्यात फोनचं मॉडेल, आयएमईआय, सिम आणि शक्य तर हॅश मूल्य (फोनमधल्या मजकुरावरून निघणारा, मजकूर बदलला की बदलणारा आकडा) लिहून घ्या. हॅश नसेल तर नंतर फोनमध्ये काही घातलं गेलं का, हे सांगणं अवघड. पासवर्ड सांगण्याच्या सक्तीबद्दल उच्च न्यायालयांची मतं एकसारखी नाहीत. वकील येईपर्यंत थांबा.

स्रोताबद्दल : प्रेस कौन्सिल कायद्याच्या कलम १५(२) चं संरक्षण फक्त कौन्सिलपुढं आहे, न्यायालयात नाही. पेगासस या हेरगिरी सॉफ्टवेअरच्या प्रकरणात २७ ऑक्टोबर २०२१ ला सर्वोच्च न्यायालयानं स्रोतांचं संरक्षण हे वृत्तपत्रस्वातंत्र्यासाठी मूलभूत मानलं आणि राष्ट्रीय सुरक्षेचं नाव घेतलं म्हणून न्यायालय गप्प बसणार नाही, असं म्हटलं. एप्रिल २०२३ च्या मीडिया वन या वाहिनीच्या निकालात त्याच मुद्द्यावर आणखी कडक भाषा आहे. वकिलाला हे दोन निकाल दाखवा.

प्रश्न : आजोबांवर संस्थानच्या पोलिसांनी प्रजा परिषदेच्या काळात पाळत ठेवली होती. ते कागद अजून गुप्त आहेत का?

उत्तर : संस्थान १ मार्च १९४९ ला मुंबई राज्यात विलीन झालं, जुन्या दप्तरासाठी कोल्हापूरच्या पुराभिलेखागारात संशोधक म्हणून अर्ज भरा, माहिती अधिकार लागत नाही. फेरिस्त (दप्तराची यादी) पाहून रुमालाचा (कागदांच्या गाठोड्याचा) क्रमांक द्या. मोडी वाचणारा सोबत असेल तर दिवस वाचतात. दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारातलं बरंच ‘अभिलेख पटल’वर घरबसल्या दिसतं.

स्वातंत्र्यानंतरच्या कागदांना वीस वर्षांचा नियम आहे, कलम ८(३). पण सुरक्षेची सवलत त्या नियमातून वगळली आहे, त्यामुळं १९६२ च्या युद्धावरचा हेंडरसन ब्रुक्स अहवाल २००९ मध्येही केंद्रीय माहिती आयोगानं दिला नाही.

प्रश्न : नोव्हेंबर २०२५ पासून नावं मिळतच नाहीत. सगळीकडं ‘वैयक्तिक माहिती’ हे उत्तर.

उत्तर : डेटा संरक्षण कायद्यानं कलम ८(१)(जे) बदललं आणि वैयक्तिक माहिती नाकारण्यावरची जुनी अट (तिचा सार्वजनिक कामाशी संबंध नसावा किंवा ती देण्यानं खासगीपणावर विनाकारण घाला यावा) काढून टाकली. आमच्या मते शोधपत्रकारितेला सुरक्षेच्या सवलतीपेक्षा हाच बदल जास्त जाचक ठरेल. कलम ८(२) शाबूत आहे, अर्जातच त्याचा आधार घेऊन जनहित दोन ओळींत लिहा. आणि नावाऐवजी पदनाम मागा : ‘मोजमाप पुस्तिकेवर सही करणाऱ्या अधिकाऱ्याचं पदनाम व दिनांक’. त्या तारखेला त्या पदावर कोण होतं ते बदलीच्या आदेशांवरून जुळवता येतं.

प्रश्न : माझा पत्ता अर्जावर नको वाटतो. गावात सगळे ओळखतात.

उत्तर : भीती अनाठायी नाही, जमीन घोटाळे उघड करणारे तळेगावचे सतीश शेट्टी यांचा जानेवारी २०१० मध्ये खून झाला. कलकत्ता उच्च न्यायालयानं २०१३ मध्ये सांगितलं की अर्जदारानं पोस्ट बॉक्स क्रमांक दिला तर पुरतं, आणि केंद्रानं तो आदेश आपल्या खात्यांना कळवला. मुख्य टपाल कार्यालयात पोस्ट बॉक्स भाड्यानं मिळतो. अर्जावर नाव द्यावं लागेल, मोबाईल क्रमांक देण्याची सक्ती नाही. अर्ज साप्ताहिकाच्या लेटरहेडवर करू नका. संस्थेच्या नावानं केलेला अर्ज ‘नागरिकाचा नाही’ म्हणून फेटाळता येतो.